सीडी१, सीडी२ आणि गोटूचं प्रॉपर

मागच्या महिन्यात चोपड्याला मामांकडे गेलो होतो. माळा आवरायचं काम निघालं आणि जुन्या गोधडीत गुंडाळून ठेवलेली एक हार्ड डिस्क सापडली. ८० जीबीची, ती रुंद चपटी आयडीई केबल लागायची ना, तसली. मामी म्हणाल्या भंगारात टाकून दे, मी म्हटलं थांबा. जळगावला गोलाणी मार्केटमधून आयडीईचं यूएसबी करणारं कन्व्हर्टर आणलं, लॅपटॉपला जोडलं, डिस्क दोनदा खरखरली आणि चालू झाली. माझ्यासोबत ताईचा मुलगा होता, बारावीचा. त्याने स्क्रीनवर पाहिलं आणि विचारलं, "मामा, हे काय लिहिलंय? पासवर्ड आहे का कशाचा?"

नाव साधारण असं होतं, सगळं इंग्रजीत, मी इथे आपल्या लिपीत लिहितो:

सिनेमाचं.नाव.२००३.डीव्हीडीरिप.एक्सव्हिड.एसी३.सीडी१-ग्रुप.एव्हीआय

मला तर हे सातबाऱ्यासारखं दिसतं. वाचता येत नसेल तर नुसते आकडे आणि खुणा, आणि वाचता येत असेल तर जमीन कुणाची, कुठून आली, किती आहे, सगळं त्यात. पोराला एकेक तुकडा समजावत बसलो, दुपारचे दोन तास कधी गेले कळलं नाही, म्हणून म्हटलं लिहूनच काढू.

आधी ते मधले ठिपके. त्याला वाटलं फाईल खराब झालीय. ही नावं घरी बसून सिनेमा बघणाऱ्याने दिलेली नसायचीच. ती यायची एकमेकांशी शर्यत लावून सिनेमांच्या चोरीच्या कॉप्या काढणाऱ्या छुप्या ग्रुपांकडून, ते फाईली एफटीपी सर्व्हरवर, म्हणजे फाईली ठेवायच्या-उचलायच्या कॉम्प्युटरवर, टाकायचे, आणि तिथे नावात मोकळी जागा आली की कमांड अडखळायची, एका नावाची दोन नावं व्हायची. म्हणून जागेच्या ऐवजी ठिपका, नाहीतर अंडरस्कोर. त्यांचे नियम लिखित होते आणि कडक होते, अक्षरं, आकडे, ठिपका, हायफन, अंडरस्कोर, बास. नावाशेजारी वर्ष असायचं कारण एकाच नावाचे दोन-तीन सिनेमे असतात, आणि शेवटच्या हायफननंतर काम कुणी केलं त्या ग्रुपचं नाव.

मग येतं मूळ कुठलं ते, म्हणजे कॉपी कशावरून काढली, आणि हा तुकडा सगळ्यात कामाचा. कॅम म्हणजे थिएटरात कॅमेरा घेऊन बसलेला माणूस, समोरून कुणी उठलं की पडद्यावर डोकं, आवाजात शिट्ट्या आणि खोकला. टीएस म्हणजे टेलिसिंक, त्यातही कॅमेराच, पण आवाज थिएटरच्या लाईनमधून थेट घेतलेला, त्यामुळे चित्र बेताचं आणि आवाज बरा. टीसी म्हणजे टेलिसिने, सिनेमाची रीळच मशीनवर चढवून काढलेली. एससीआर म्हणजे स्क्रीनर, समीक्षकांना किंवा बक्षिसं ठरवणाऱ्यांना आधी पाठवलेली कॉपी, मध्येच खाली पट्टी यायची की ही विकायची नाही. आणि डीव्हीडीरिप म्हणजे दुकानात आलेल्या डीव्हीडीवरून काढलेली, तो आमच्यासाठी सोन्याचा शिक्का. नाव वाचता येणारा पोरगा कॅमची फाईल उतरवायला रात्र घालवायचाच नाही.

यात एक आर५ असायचं, ते मला फार उशिरा कळलं. डीव्हीडीसाठी जगाचे विभाग पाडलेले होते आणि पाचव्या विभागात रशिया, आफ्रिकेचा बराच भाग आणि आपला भारत. रशियात चोरीच्या कॉप्यांचा इतका सुळसुळाट होता की स्टुडिओंनी तिथे खरी डीव्हीडी लवकर आणि स्वस्तात काढायला सुरुवात केली, रिळीवरून सरळ उतरवलेली, जास्त साफसफाई न करता. आवाज रशियन. मग ग्रुपवाले चित्र त्याचं घ्यायचे आणि इंग्रजी आवाज दुसरीकडून आणून जोडायचे, त्याला आर५ नाव. आपल्याकडच्या डीव्हीडीच्या खोक्यावरही गोल पृथ्वीच्या चित्रात तोच ५ आकडा छापलेला असायचा, मी तो किती वर्षं पाहिला आणि कधी विचार केला नाही की या दोघांचा संबंध आहे.

एक्सव्हिडची गोष्ट तर पोराने दोनदा सांगायला लावली. अमेरिकेत १९९८ च्या सुमाराला डिव्हएक्स नावाची एक भाड्याची डिस्क निघाली होती, विकत आणायची, पहिल्यांदा लावली की ४८ तास चालणार, नंतर परत बघायचं तर परत पैसे. लोकांना ते अजिबात पटलं नाही, १९९९ मध्येच बंद पडली. त्याच सुमाराला जेरोम रोटा नावाच्या एका फ्रेंच माणसाने मायक्रोसॉफ्टच्या एमपेग-४ कोडेकमध्ये, म्हणजे व्हिडिओ दाबून लहान करणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, फेरफार केला, कारण मायक्रोसॉफ्टने तो एव्हीआय फाईलमध्ये वापरायची वाट बंद ठेवली होती, ती त्याने उघडली. आणि नाव दिलं तेच, डिव्हएक्स, पुढे डोळा मारणाऱ्या चेहऱ्याची खूण. नंतर त्याची कंपनी झाली, २००१ मध्ये त्यांनी एक प्रकल्प सगळ्यांसाठी खुला केला आणि त्याच वर्षी परत मिटून घेतला. ज्यांनी फुकटात मेहनत केली होती त्यांना राग येणारच. त्यातल्या काहींनी काम पुढे चालू ठेवलं आणि नाव ठेवताना डिव्हएक्सची अक्षरं उलटी लिहिली. एक्सव्हिड. म्हणजे फाईलच्या नावातल्या त्या चार अक्षरांत एक भांडण आहे.

एसी३ म्हणजे डॉल्बीचा आवाज, तसाच्या तसा ठेवलेला. हे दिसलं की समजायचं फाईल जड असणार.

आणि सीडी१. हे त्याला समजेचना. सिनेमाचे दोन भाग का? मी म्हटलं इंटरव्हल नाही रे, सीडीत ७०० एमबीच मावतात. सगळ्या जगाने सिनेमा त्या मापात बसवला, एका सीडीत नाहीतर दोन सीडीत. इंग्रजी मालिकांचे भाग ३५० एमबीचे का असायचे, तर एका सीडीवर दोन बसावेत. लहान भाग १७५ चा, म्हणजे चार. कापडाच्या ताग्यातून सदरे काढावेत तसं, तागा ७०० चा.

हे ७०० एमबी म्हणजे आमच्यासाठी काय होतं ते त्या पोराला कसं सांगू. अमळनेरला आमच्या घरी ब्रॉडबँड आलं ते २५६ केबीपीएसचं, महिन्याला मोजून थोडंसं मिळायचं पण रात्री दोन ते सकाळी आठ फुकट. आता हिशोब करा, २५६ म्हणजे सेकंदाला जास्तीत जास्त ३२ केबी, सहा तासांत होतात ६७५ एमबी. म्हणजे अख्खी रात्र पूर्ण स्पीड मिळाला, लाईट गेली नाही, फोनच्या वायरीत खरखर झाली नाही, तरी एक सीडी भरत नाही, २५ एमबी कमी पडतात! प्रत्यक्षात दोन-तीन रात्री. आणि त्या वर्षांत खान्देशात भारनियमन किती होतं ते इथल्या माणसाला सांगायला नको. मी दोनला अलार्म लावून उठायचो, डाऊनलोड चालू करायचो आणि मॉनिटर बंद करून झोपायचो, आईला उजेड दिसू नये म्हणून. तर इतक्या कष्टाने जी फाईल उतरवायची ती काय आहे हे आधी कळायला एकच गोष्ट हातात होती, तिचं नाव. ना पोस्टर, ना ट्रेलर, ना खाली कुणाचं मत. हे सगळं कायद्याने चूक होतं, तेव्हा आम्हाला ते कुणी सांगितलं नाही आणि आम्हीही विचारलं नाही, आज मी ते करत नाही आणि ताईच्या पोरालाही तेच सांगितलं.

नाव खोटं निघालं की फार वाईट वाटायचं. काझावर, म्हणजे लोक एकमेकांच्या कॉम्प्युटरवरून फाईली उतरवायचे त्या प्रोग्रॅमवर, हे सर्रास. दोन रात्री घालवून उतरवलेल्या नव्या सिनेमात मधूनच भलतंच काहीतरी चालू व्हायचं. त्याचं कारण मी नंतर कधीतरी वाचलं. काझा फाईल ओळखायला जो हॅश, म्हणजे फाईलच्या आतल्या मालावरून काढलेला ओळखीचा आकडा, वापरायचं तो अख्खी फाईल तपासायचाच नाही, सुरुवातीचे ३०० केबी बघायचा आणि मग लांब लांब उड्या मारत थोडे थोडे तुकडे. त्या उड्यांच्या मधे कुणी कचरा भरला तरी हॅश तोच. ईडॉन्की हे तसलंच दुसरं, त्या मानाने पक्कं, ते ९५०० केबीचा एकेक तुकडा पूर्ण तपासायचं, तिथे नाव काहीही असलं तरी आतला माल बदलला की हॅश बदलणार. दुसरी फसवणूक म्हणजे विंडोज शेवटची ओळखीची एक्स्टेन्शन लपवून ठेवतं ती. नाव दिसायचं सिनेमा.एव्हीआय, खरं असायचं सिनेमा.एव्हीआय.ईएक्सई, क्लिक केलं की कॉम्प्युटर फॉरमॅट करायला दुकानात. आजही कुणाचा नवीन लॅपटॉप हातात आला की मी पहिली ती सेटिंग बंद करतो.

मामांच्या डिस्कवर ००१.पार्ट नावाची पण एक फाईल होती, ४०० एमबीवर अडकलेली. अर्धवट राहिलेलं डाऊनलोड. ईम्यूल, म्हणजे ईडॉन्कीवरून उतरवायचा प्रोग्रॅम, काम पूर्ण होईपर्यंत खरं नाव देत नसे, ते शेजारच्या .पार्ट.मेट फाईलमध्ये ठेवायचं. ती उघडून बघितली तर नाव मिळालं. व्हीएलसीत लावली तर त्याने विचारलं की हिचा इंडेक्स नाही, बनवू का. एव्हीआयची अनुक्रमणिका फाईलच्या अगदी शेवटी असते, आणि शेवट तर आलाच नव्हता.

आता ज्याच्यासाठी हे लिहायला बसलो ते.

प्रॉपर आणि रिपॅक. हे दोन शब्द नावात दिसले की फाईलचा मागचा इतिहास कळायचा. एका ग्रुपने कॉपी काढली, त्यात काही चूक राहिली, आवाज पुढेमागे झाला किंवा मधे चित्र अडकलं, आणि दुसऱ्याने तीच नीट करून काढली तर तो नावात प्रॉपर लिहिणार. ज्याची चूक त्यानेच दुरुस्त केली तर रिपॅक. म्हणजे नुसतं "मी चांगला आहे" असं नाही, "याआधी एक होती, ती खराब होती, ही बघा" असं ते सांगतं.

आणि याच्या अगदी उलट टोकाला आपल्या व्हीसीडी, म्हणजे व्हिडिओ सीडी. लग्न, मुंज, कानबाईचे रोट (आमच्या खान्देशातला देवीचा सण), बसस्टँडवर मिळणाऱ्या अहिराणी गाण्यांच्या सीडी, सगळं व्हीसीडीवर. कुठलीही व्हीसीडी कॉम्प्युटरमध्ये टाका, आत एमपेगएव्ही नावाचं फोल्डर आणि त्यात फाईल, एव्हीसेक०१.डॅट. हे नाव कुणी ठेवलेलं नाही, १९९३ मध्ये व्हीसीडीचं जे मानक ठरलं त्यातच तसं बांधून दिलंय. ३५२ बाय २८८ चं चित्र, सेकंदाला २५ फ्रेम, आणि नाव एव्हीसेक०१. धुळ्याच्या लग्नाची तीच, नंदुरबारच्या जत्रेची तीच, हिंदी सिनेमाची पण तीच. सीडीवर स्केच पेनने लिहिलं असेल तेवढीच ओळख, आणि ती कव्हर बदललं, पुसलं गेलं की गेली.

ताईचं लग्न मे २००५ मध्ये झालं, अमळनेरला. शूटिंगच्या दोन व्हीसीडी मिळाल्या, पहिलीत हळद आणि मांडव, दुसरीत लग्न आणि पाठवणी. पुढच्या वर्षी मी त्या कॉम्प्युटरवर उतरवायला घेतल्या. पहिली टाकली, फाईल उचलून ताईच्या नावाच्या फोल्डरमध्ये पेस्ट केली. दुसरी टाकली, उचलली, त्याच फोल्डरमध्ये पेस्ट. विंडोजने विचारलं, या नावाची फाईल आधीच आहे, बदलू का? खाली दोन्हीच्या तारखा पण दाखवल्या, दोन्ही १ जानेवारी २००२, कारण स्टुडिओवाल्याच्या कॉम्प्युटरची घड्याळाची बॅटरी गेलेली असणार, लग्न तर २००५ चं. मला वाटलं मघाशी अर्धवट पेस्ट झाली असेल. यस दाबलं.

दोन्हींचं नाव एकच होतं. पहिलीवर दुसरी बसली. मला ते कळलं चार महिन्यांनी, तोवर पहिली सीडी कुणा पाहुण्यांनी बघायला नेली होती, ती सुरतेहून परत आली तेव्हा वरचा चकाकता थर पापुद्र्यासारखा सुटलेला, आमच्याकडचं ऊन माहितीय ना, मेमध्ये गाडीच्या डॅशबोर्डवर राहिली होती. स्टुडिओत विचारलं तर कॅसेट कधीच दुसऱ्या लग्नाला वापरून झालेली. हळदीत आजी जात्याजवळ बसून अहिराणी गाणी म्हणत होती, चार-पाच बायका तिच्या मागे ओढत होत्या, आणि आजी २००९ मध्ये गेली. तिचा आवाज आमच्याकडे दुसरीकडे कुठेच नाही. फोटो आहेत. आवाज नाही. ताई मला एका शब्दाने कधी बोलली नाही, पण दर वर्षी लग्नाच्या वाढदिवसाला ती दुसरी सीडी लावायची आणि मी उठून बाहेर जायचो.

तर मामांची डिस्क. सिनेमांच्या फाईली संपल्या, खाली एक फोल्डर "घरचे", आणि त्यात हे:

ताईचं.लग्न.२००५.हळद.व्हीसीडीरिप.प्रॉपर.सीडी१-गोटू.एमपीजी

गोटू माझा मामेभाऊ. तेव्हा दहावीत होता, माझ्याकडूनच ही नावं वाचायला शिकलेला. त्याने ग्रुपवाल्यांसारखं नाव दिलं होतं, ठिपके, वर्ष, मूळ, आणि हायफन लावून स्वतःचं नाव. आणि मधे प्रॉपर. मी ते वाचलं आणि माझा हातच थांबला, कारण प्रॉपर लिहिलंय म्हणजे आधी एक खराब निघालेली असणार आणि ही त्याने दुसऱ्यांदा काढलेली असणार. पोरगा मला विचारतोय मामा काय झालं, आणि मी काही बोलेना.

गोटू आता सुरतेला असतो. मामांच्या घरूनच त्याला लगेच फोन लावला. म्हटलं, तू ताईच्या हळदीची सीडी कधी उतरवली होतीस रे? तो जरा आठवून म्हणाला, "हा भो, सुट्टीमा तुमनाकडे आयेल व्हतू तवय घरी लई गयथू. पहिली काढी ती गानास्मा अटकी जाये, सीडीले चरा पडेल व्हता. म्हनीसन सीडी धुईसन, पुशीसन परत काढी." मग विचारलं, नावात प्रॉपर का लिहिलंस? तर म्हणाला, "लिखाले नको का? नहीतं कोनले कसं समजी कोनती चांगली शे."

बरोबर गाण्यांच्या ठिकाणीच अडकत होती. आम्ही ती फाईल लावली, जवळजवळ अख्खी सीडी भरेल एवढी, मांडव, गुळाचा घास, पाहुण्यांचे चेहरे, त्यातले किती तरी आता नाहीत. चित्र चौकोनी चौकोनी फुटतं, व्हीसीडीचं फुटणारच, रंग हळदीचे आणखीच पिवळे. मग जातं दिसलं, आजी खाली मान घालून, नाकात नथ, डोक्यावरचा पदर सारखा सावरत. आणि आवाज आला. थोडा घोगरा, वरच्या पट्टीत चिरणारा. गाणं सुरू झालं, दुसरं कडवं झालं, तिसरं झालं, मी श्वास धरून बसलो होतो की आता अडकेल, आता अडकेल. नाही अडकलं. मामी चहा घेऊन आल्या होत्या त्या कप हातात धरून तशाच उभ्या राहिल्या. पोराने त्याच्या पणजीला पहिल्यांदा बोलताना-गाताना पाहिलं, तो मला एकेका शब्दाचा अर्थ विचारत होता आणि मला त्यातले निम्मे सांगता आले, निम्मे मामींनी सांगितले.

रात्री ताईला पाठवली. बसच्या सीटवर बसून एवढी मोठी फाईल मिनिटभरात गेली, तेही लक्षात आलं. तिचा फोन आला, बराच वेळ ती काही बोललीच नाही, मग म्हणाली, यात प्रॉपर काय लिहिलंय, काढू का ते? मी म्हटलं नको, राहू दे.

सध्या मी घरातल्या सगळ्या एव्हीसेक०१ एकेक उघडून बघतोय, सव्वीस आहेत. कुणाचं बारसं, कुणाची वास्तू, दोन कानबाईच्या, एक तर अजून ओळखू आलेली नाही, त्यातला मांडव कुठल्या गावचा ते मामींना विचारायचंय. अहिराणी गाण्यांच्या ज्या सीडी आहेत त्यांचं जास्त वाईट वाटतं, गाणारी कोण, वर्ष कोणतं, काही कळायला मार्ग नाही, आणि तीच गाणी आज यूट्यूबवर कुणीतरी टाकतं तेव्हा नावात नुसतं सुपरहिट लिहितं. त्या छुप्या ग्रुपांनी परक्यांच्या सिनेमांची जेवढी नीट नोंद ठेवली तेवढी आपण आपल्या माणसांच्या आवाजाची ठेवली नाही, हे मला खरंच लागतं.

ताईची दुसरी सीडी मात्र सगळ्यात आधी घेतली. माझ्याकडे ती इतकी वर्षं एव्हीसेक०१ म्हणूनच पडून होती. नाव दिलं, ताईचं.लग्न.२००५.पाठवणी.व्हीसीडीरिप.सीडी२, आणि ही मी उतरवली होती म्हणून हायफननंतर माझं नाव, बापू.